करंजी नेमकी फुटते कुठे? तळणीच्या गोडाधोडाचे तुमचे प्रश्न

मागच्या अंकात आम्ही म्हटलं होतं की सारण भरून तळायच्या गोड पदार्थांबद्दल काय अडतंय ते कळवा, तर अपेक्षेप्रमाणे करंजीने बाजी मारलीये, मोदक दुसरे, आणि एकदोघांनी स्प्रिंग रोलच्या शीट्समध्ये केळं भरायचा उद्योग केलाय त्यांचेही प्रश्न आलेत. सारख्या वाटणाऱ्या पत्रांचा एकच प्रश्न केलाय, तेव्हा आपलं पत्र दिसलं नाही म्हणून रागावू नका.

करंजी तेलात सोडली की छान फुगते आणि मग एकदम फुटते, सारण सगळं तेलात, आणि पुढच्या प्रत्येक करंजीला काळे ठिपके चिकटतात. तेल जास्त तापतंय का? मंद केलं तरी फुटतेच. (एक वाचक, पिंपरी)

मंद करूनही फुटतेय म्हणताय ना, मग तेलाला सध्या बाजूला ठेवू. तळण म्हणजे मुळात पाण्याची वाफ करून बाहेर काढणं. तेल दीडशे-एकशेसाठ डिग्रीला असतं आणि पाणी शंभरालाच उकळतं, त्यामुळे आत जो काही ओलावा आहे त्याची वाफ होणारच, आणि वाफ किती जागा मागते बघा, एक चमचा म्हणजे ५ मिली पाण्याची पूर्ण वाफ झाली तर ती आठेक लिटर भरते. अर्थात करंजीत एवढं पाणी नसतं आणि सगळ्याची वाफही होत नाही, पण चार थेंब जरी जास्त असले तरी ती बाहेर यायला वाट शोधते आणि जिथे पारी कच्ची तिथे फाडते.

म्हणून पुढच्या वेळी फुटलेली करंजी लगेच चिवड्यात कुस्करू नका, आधी हातात घेऊन नीट बघा की फुटलीये कुठे. मुरडीवर उकलली असेल तर दोष चिकटवण्यात आहे. बहुतेक वेळा होतं काय, सारण भरताना चमच्यातून थोडी पिठीसाखर आणि खोबरं कडेवर सांडतं, आपण ते बोटाने आत ढकलतो आणि त्याच बोटाने कड दाबतो, आता खोबऱ्याला तेल सुटलेलं असतं, ते कडेला लागलं की तिथे पारी पारीला धरतच नाही, वरून कितीही सुंदर मुरड घाला. एक फडकं जवळ ठेवा, बोट पुसा, अर्ध्या कडेलाच दुधाचं किंवा पाण्याचं बोट फिरवा (दोन्ही कडांना लावलं तर बुळबुळीत होतं), मिटवा, दाबा, आणि मग मुरड किंवा कातण.

पोटावर फुटली असेल तर दोन शक्यता. पारी मध्ये पातळ आणि कडेला जाड लाटली गेलीये, हे आपल्या पोळी लाटायच्या सवयीने फार होतं, किंवा सारणात काजूचा तुकडा, बेदाण्याचा देठ असलं काही टोचलंय. काजू घालायचाच असेल तर भरड पूड करून घाला, तुकडा दाताखाली यायला पाहिजे हा हट्ट लाडवात ठेवा.

आणि जर करंजी फुग्यासारखी टम्म होऊन मग फुटत असेल तर आत हवा कोंडलीये. सारण भरल्यावर पारी मिटताना सारणाच्या ढिगावरून बोटाने कडेकडे हलकं दाबत आलं की हवा निघून जाते, दोन सेकंदाचं काम आहे पण घाईत राहतं. सारण पाऊण भागच भरा. आमच्याकडे काही घरांत "गच्च भरलेली" करंजी म्हणजे सढळ हाताचं लक्षण मानतात, मानू देत.

एक फुटलीच तर तिला लगेच झाऱ्याने काढा, गॅस बंद करा आणि बारीक गाळणीने तळातलं सारण उपसा. साखर जळते तेच ते काळे ठिपके, आणि वासही सगळ्या घाण्याला लागतो. तसंच पुढे तळत राहण्यात काही अर्थ नाही.

मोहन नक्की किती घालायचं? प्रत्येक रेसिपीत वेगळं. एकदा कमी पडलं तर करंज्या चिवट झाल्या, जास्त घातलं तर तेलात फसफसून तुकडे पडले. (सोलापूरहून एक ताई)

ताई, दोन्ही टोकं बघितलीत म्हणजे मधलं सापडेल. एक वाटी बारीक रवा आणि एक वाटी मैदा असेल तर साधारण चार टेबलस्पून कडकडीत तूप किंवा तेल. पण मापापेक्षा हात बघा: मोहन घालून पीठ नीट चोळलं की मूठभर पीठ दाबा, मुटका वळला पाहिजे आणि बोटाने टिचकी मारली की मोडला पाहिजे. वळलाच नाही तर कमी आहे, मोडायचं नावच घेत नाही आणि तळहात तेलकट झाला तर जास्त आहे, अशा वेळी थोडा मैदा मिसळून टाका. तुपाचा थर पिठाच्या कणांवर बसला की पाणी पडल्यावर जो चिकट ताण तयार होतो तो कमी होतो, खुसखुशीतपणा तिथून येतो, आणि अति झालं की ताण इतका कमी की पारी स्वतःलाच धरून ठेवू शकत नाही, म्हणून तुमचे तुकडे पडले.

भिजवताना पीठ घट्टच ठेवा, तास-दीड तास झाकून ठेवलं की रवा फुगतो आणि मग ते कुटायचं. पाटा-वरवंटा आता कुणाकडे नसतो, फूड प्रोसेसरमध्ये तुकडे करून फिरवा, जमतं, फक्त पीठ गरम होईपर्यंत फिरवू नका. दुधात भिजवायचं की पाण्यात हे पण तुम्ही विचारलंय. दुधाने पारी हलकी होते पण रंग लवकर चढतो, ज्यांना पांढऱ्याशुभ्र करंज्या हव्यात त्यांनी पाणी किंवा निम्मं-निम्मं.

नारळी पौर्णिमेला ओल्या नारळाच्या करंज्या केल्या, दुपारी कुरकुरीत, संध्याकाळी पार लुळ्या. काय करू? (रत्नागिरीची एक नवीन सून, सासूबाईंना दाखवू नका म्हणते)

दाखवत नाही. पण खरं सांगू का, ओल्या नारळाची करंजी रात्रीपर्यंत कुरकुरीत राहावी ही अपेक्षाच जरा जास्त आहे, ती गरमागरम खायची वस्तू. आतलं सारण ओलं, बाहेरची पारी कोरडी, ओलावा आतून बाहेर सरकणारच. तो उशिरा सरकावा एवढंच आपल्या हातात.

दोन वाट्या ओला चव (खवलेला नारळ) असेल तर एक वाटी गूळ, आणि ते शिजवताना रस आटून गोळा कढईच्या कडा सोडायला लागला की बंद करायचं, त्याआधी नाही. आधीच थांबलात तर ओलं राहतं, फार पुढे गेलात तर गुळाचा पाक घट्ट होऊन सारण चामट होतं. बंद केल्यावर दोन चमचे भाजलेला रवा मिसळा, उरलेला ओलावा तो पितो. मग पूर्ण गार. कोमट नाही, गार. कोमट सारण भरलं की पारीला आतून घाम येतो, ती तळायच्या आधीच मऊ पडलेली असते आणि मग लोक म्हणतात तळणीत चुकलं.

तळल्यावर काय करता तेही बघा. बहुतेकजणी टिश्यू पेपर घातलेल्या ताटात एकावर एक रचतात, आणि तिथेच अर्धा घोटाळा होतो. करंजी तेलातून बाहेर आली की आतली वाफ थंड व्हायला लागते, आतला दाब कमी होतो आणि पृष्ठभागावरचं तेल आत ओढलं जातं, म्हणजे तेल पिण्याचं बरंचसं काम कढईच्या बाहेर होतं. म्हणून झाऱ्यावर घेऊन कढईवरच जरा वेळ निथळू द्या, हलकं झटका, आणि मग चाळणीत नाहीतर जाळीवर उभी लावा, मुरड वर, पोट खाली, एकमेकींना टेकू न देता. खालून हवा लागली पाहिजे. टिश्यूवर आडवी ठेवलेली करंजी खालच्या बाजूने स्वतःच्याच वाफेत भिजते.

दिवाळीच्या सुक्या खोबऱ्याच्या करंजीला हा त्रास कमी, तिथे खोबरं मंद भाजून, हाताने चुरडलं की चुरा झाला पाहिजे इतपत, आणि पिठीसाखर सारण गार झाल्यावरच घालायची, गरमात घातली की चिकट गोळे होतात.

साट्याच्या करंजीला पदर सुटत नाहीत. साटा भरपूर लावते. (ठाणे)

साटा म्हणजे पोळ्यांच्या मध्ये लावायचं तूप-पिठाचं मिश्रण, ते भरपूर लावण्याने पदर सुटत नाहीत, घट्ट साट्याने सुटतात. तूप पातळ असेल तर ते पारीत जिरून जातं आणि मधला थरच उरत नाही, मग पदर कशाचा सुटणार. थिजलेलं तूप दोन मोठे चमचे घ्या, हाताने पांढरं होईपर्यंत फेटा, त्यात तेवढंच किंवा थोडं जास्त कॉर्नफ्लोअर नाहीतर तांदळाची पिठी, आणि ते बोटावर घेतलं तर ओघळता कामा नये. तीन पोळ्या एकावर एक, प्रत्येकीवर पातळ हात, घट्ट वळकटी, तुकडे. ठाण्याच्या उकाड्यात ऑक्टोबरमध्ये तूप वितळतंच, तेव्हा वळकटी दहा मिनिटं फ्रीजमध्ये ठेवून मग कापा, आणि सुरी धारदार घ्या, बोथट सुरीने पदर दाबून चिकटतात.

कापलेली बाजू वर ठेवून लाटी हलक्या हाताने दाबायची, मधून कडेकडे लाटायचं, लाटणं जोरात फिरवलं की केलेली सगळी मेहनत सपाट. आणि मिटताना ज्या बाजूला गोल गोल रेघा स्पष्ट दिसतायत ती बाजू बाहेर, हे सांगायला लागू नये पण पत्रावरून वाटलं की राहत असेल.

तळणीत सुरुवातीला तेल कमीच तापलेलं हवं. पिठाची छोटी गोळी टाकली की ती तळाला जाऊन, बारीक बुडबुडे काढत, सावकाश वर आली पाहिजे. टाकताक्षणी वर उसळली तर थांबा, कारण तेल कडक असलं की वरचा पदर लगेच आखडतो आणि खालच्यांना उलगडायला जागाच मिळत नाही. तळालाच बसून राहिली तर अजून तापू द्या. करंजी सोडल्यावर उलटायची घाई नको, झाऱ्याने वरून तेल उडवत राहा, पदर डोळ्यांदेखत एकेक करून उचलले जातात. मला विचाराल तर तळणीतलं हे सगळ्यात बघण्यासारखं काम आहे आणि नेमकं तेव्हाच कुणीतरी दाराची बेल वाजवतं.

तळणीच्या मोदकाचा शेंडा उघडतो. (एक काका, कोल्हापूर, संकष्टीचा स्वयंपाक हेच करतात)

काका, वा! तळणीच्या मोदकाला उकडीच्या मोदकासारख्या खूप नाजूक कळ्या काढायला जाऊ नका, कणकेच्या पारीला सात-आठ पुरे. कळ्या वर एकत्र आल्या की तिथे पिठाचा जाड गठ्ठा होतो, तो पिळून जास्तीचं पीठ चिमटून काढून टाका, मग पाण्याचं बोट लावून परत चिमटा. गठ्ठा तसाच ठेवला तर शेंडा आतून कच्चा राहतो आणि उकलतो. सगळे मोदक करून मग तळायला घेत असाल तर ओलसर (ओलं गच्च नव्हे) फडक्याखाली ठेवा, वाळलेल्या पारीला भेगा जातात आणि त्या भेगेतून सारण बाहेर.

स्प्रिंग रोलच्या तयार शीट्समध्ये केळं आणि चॉकलेट भरून तळलं. चॉकलेट सगळं तेलात गेलं, केळ्याचा लगदा झाला. मुलं तरी खुश होती. (पुणे)

मुलं खुश असतील तर अर्धी लढाई जिंकलात. चॉकलेट तेलाच्या जवळपासही न जाता वितळतं हो, ते शीटच्या प्रत्येक फटीतून वाट काढणारच. घालायचंच असेल तर रोल भरून, बंद करून, फ्रीझरमध्ये कडक होईपर्यंत ठेवा आणि मग थेट तळा, आणि चॉकलेटचा तुकडा बरोबर मध्ये, टोकांना नाही.

पण माझं ऐकाल तर चॉकलेट सोडा आणि फिलिपिन्समध्ये करतात तसं करून बघा. तिथे तुरोन म्हणून प्रकार रस्त्यावर सर्रास मिळतो, साबा जातीचं केळं उभं कापून ब्राऊन शुगरमध्ये घोळवायचं, सोबत पिकलेल्या फणसाची एक पट्टी, पातळ शीटमध्ये गुंडाळायचं आणि तळायचं, तळताना वरूनही साखर घालतात ती वितळून रोलला काचेसारखी चिकटते. केळं-फणस आपल्याकडे कमी नाही! वेलची केळं मात्र नको, तुमचा लगदा झाला तो अशाच कुठल्यातरी मऊ केळ्याने. वसईकडे सुकेळी करतात ती राजेळी मिळाली तर उत्तम, नाहीतर कुठलंही पिवळं झालेलं पण दाबलं तर घट्ट लागणारं केळं. फणस बरका (मऊ गऱ्यांचा) नको, कापा (घट्ट गऱ्यांचा) घ्या.

शीट्सचं म्हणाल तर पाकीट बंद ठेवूनच बाहेर काढून मऊ होऊ द्या, एकेक सोडवा आणि बाकीच्या फडक्याखाली. कड चिकटवायला नुसतं पाणी पुरत नाही, एक चमचा मैदा पाण्यात कालवून पेस्ट करा. रोल घट्ट गुंडाळा, ढिला रोल म्हणजे आत तेलाची टाकी. आणि इथे तेल करंजीपेक्षा जास्त तापलेलं लागतं, १७० ते १८० डिग्री, कारण शीट कागदासारखी पातळ आहे, ती मंद तेलात नुसती तेल पीत बसते. वरची साखर वितळलेली असताना हात लावू नका, मुलांच्याही हातात लगेच देऊ नका, तो चटका तेलाच्या चटक्यापेक्षा वाईट, चिकटून राहतो.

एअर फ्रायरमध्ये करंजी होते का हो? (बऱ्याच जणांकडून)

होते. करंजीच्या आकाराचं बिस्किट होतं. पारीला वरून तूप लावा, १६० डिग्रीला बारा-पंधरा मिनिटं, मध्ये एकदा उलटा, चवीला वाईट लागत नाही आणि ज्यांना तळलेलं चालत नाही त्यांच्यासाठी जरूर करा. पण साट्याचे पदर गरम हवेत तसे फुलत नाहीत, तेल पारीला सगळीकडून एकदम उष्णता देतं तशी हवा देऊ शकत नाही. तेव्हा तळणीच्या करंजीशी तुलना करत बसू नका.

फराळाचं तळण झाल्यावर उरलेलं तेल किती वेळा वापरायचं? सासूबाई डबा भरून ठेवतात, मला पटत नाही. (नाशिक)

घरातलं राजकारण मी सोडवणार नाही, तेलाचं सांगते. एफएसएसएआयने, म्हणजे देशाच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाने, १ जुलै २०१८ पासून नियम लागू केलाय की तळणीच्या तेलात तापून तापून तयार होणारी जी संयुगं असतात, टोटल पोलर कंपाउंड्स, त्यांचं प्रमाण २५ टक्क्यांच्या वर गेलं की ते तेल खाण्यासाठी वापरायचं नाही. हे मोजायचं यंत्र घरी नसतं, पण डोळे-नाक असतं: रंग गडद झाला, पोत दाट-चिकट वाटतोय, तापवताना फेस धरतोय, किंवा पूर्वीपेक्षा लवकर धूर यायला लागलाय, तर ते गेलं. करंज्यांचं तेल, सारण सांडलेलं नसेल तर, गार करून कपड्याने गाळा आणि काही दिवसांत फोडणीला संपवा. त्याच तेलात पुन्हा तळण नको, आणि जुन्या तेलात नवं तेल ओतून "ताजं" करणं हा तर गैरसमज आहे, नवंही लवकर खराब होतं. सिंकमध्ये मात्र ओतू नका, बाटलीत भरून वेगळं द्या.

मुलगा हॉस्टेलवर आहे, करंज्या कुरियरने पाठवायच्या आहेत. कुठल्या टिकतील, कशा भरू? (अमरावती)

काकू, सुक्या खोबऱ्याच्याच पाठवा, ओल्या नारळाच्या आणि खव्याच्या अजिबात नको. सारणात खोबरं कमी करून भाजलेला रवा थोडा वाढवलात तर अजून बरं, खोबऱ्याला तेल असतं आणि ते खवट व्हायला वेळ लागत नाही, किसायच्या आधी वाटीचा एक तुकडा चावून बघाच. साट्याच्या पण नकोत, पोचेपर्यंत पदरांचा भुगा होईल, साध्या पारीच्या आणि जरा जाड लाटा. रात्रभर पंख्याखाली नको, हवा दमट असली तर मऊ पडतील, पूर्ण गार झाल्या की लगेच डब्यात. डबा पत्र्याचा किंवा जाड प्लास्टिकचा, तळाला कागद, करंज्या उभ्या आणि चिकटून, मधल्या फटींत चुरमुऱ्यांचा चिवडा भरा म्हणजे हलणार नाहीत आणि चिवडाही पोचेल. झाकणाखाली रिकामी जागा राहिली तर वर्तमानपत्र नको, त्याची शाई लागते, साधा बटर पेपर चुरगळून कोंबा. आणि मुलाला आधीच सांगून ठेवा की डबा उघडल्यावर झाकण परत लावायचं, हॉस्टेलवर तेवढं एक काम कुणी करत नाही.